पर्डी काय बोलला

डॉक्टर ट्रिंबलना न्यायला शिपाई आले, तेव्हा ते शेजारच्या, खोगीर-लगाम शिवणाऱ्या पर्डी जीनगराच्या मानेवरचं गळू फोडत होते. दारात बूट वाजले म्हणून त्यांची बायको लव्हिनिया बाहेरच्या खोलीत आली. बघते तर निळ्या कोटातला सार्जंट टोपी न काढता उभा, आणि त्याच्या मागे दोघं बंदूकवाले.

"जरा थांबा, पट्टी बांधून होऊ दे," डॉक्टर म्हणाले.

"पट्टी बाई बांधतील. तुम्ही चला."

"पण कशाबद्दल?"

"ते मला सांगितलेलं नाही," सार्जंट म्हणाला. आवाज चढवला नाही की काही नाही. दुकानात विचारलेला माल संपलाय हे सांगावं, तसं त्यानं सांगितलं.

डॉक्टरांनी हात धुतले, कोट घातला आणि निघाले. पर्डीच्या मानेची पट्टी लव्हिनिया बांधायला लागली. गाठ दोनदा सुटली. पर्डी मात्र तसाच अर्धवट पट्टीनं दारात गेला आणि रस्त्याच्या टोकापर्यंत ऐकू जाईल अशा आवाजात शिपायांच्या सात पिढ्यांचा उद्धार करून आला.

अमेरिकेतल्या उत्तर-दक्षिण युद्धाचं ते दुसरं वर्ष. ओहायो नदीकाठचं हॅलोवेल गाव उत्तरेच्या बाजूचं, त्याबद्दल कुणाच्या मनात किंतु नव्हता. ट्रिंबलांचा एकुलता एक मुलगा लोरिंग स्वतः उत्तरेच्या फौजेत टेनेसीत लढत होता. घरावर झेंडा होता. मग डॉक्टरांनी केलं काय?

केलं होतं ते एवढंच. पोस्टाच्या ओसरीवर सैन्यभरतीचं टेबल लागलं होतं. नुकतंच लग्न झालेल्या एका शेतगड्यानं डॉक्टरांना विचारलं, सही करू का? डॉक्टर म्हणाले, "आज नको. घरी जा, बायकोशी बोल. उद्याही जावंसं वाटलं तर ये." वॉशिंग्टनहून नवा हुकूम निघाला होता: भरतीला जो कुणी आडकाठी करेल, त्याला सैन्यानं उचलावं आणि कोर्टानं मध्ये पडू नये. गावानं तो हुकूम वर्तमानपत्रात वाचला होता आणि बरं झालं म्हणून मानही डोलावली होती. लव्हिनियानंही.

ती जज्जसाहेबांकडे धावली. त्यांनी तिथल्या तिथं हुकूम काढला, की धरलेल्या माणसाला माझ्यापुढं उभं करा आणि का धरलं ते सांगा. तो घेऊन म्हातारबुवा स्वतः स्टेशनवर गेले, डॉक्टरांना तिथून आगगाडीनं छावणीत नेणार होते. तिथल्या लेफ्टनंटनं कागद वाचला, घडी घातली आणि परत त्यांच्या हातात दिला. "राष्ट्राध्यक्षांनी हे तूर्त थांबवलंय, साहेब. उन्हात उभे राहू नका." जज्जसाहेब घरी आले ते कोटही न काढता पायरीवर बसले. "माझ्या आजोबांच्या वेळेपासून हा कागद चालत होता गं," एवढंच ते लव्हिनियाला म्हणाले.  तोवर तिला वाटत होतं, कुणाची तरी गल्लत झालीय, संध्याकाळपर्यंत निस्तरेल.

रात्रीच्या जेवणाला पर्डी आणि त्याची बायको परमेलिया तिच्याकडे आली. परमेलियानं मक्याची भाकरी आणि डुकराच्या मांसाचे तळलेले काप आणले होते. लव्हिनियानं ताटाला हात लावला नाही. नवराबायकोनं खूप समजावलं. शेवटी पर्डी म्हणाला, "ट्रिंबलबाई, सांगून ठेवतो. दक्षिणेवाले उद्या त्या राष्ट्राध्यक्षाला पकडून न्यायला आले ना, तर त्यांच्या घोड्यांचे लगाम मी फुकट शिवून देतो. वर खोगिराला तेलही लावून देतो."

"गप बसा हो," परमेलिया म्हणाली. "जीभ आहे की चाबूक?"

पण लव्हिनिया हसली. सकाळपासून पहिल्यांदा हसली, आणि मग तिनं थोडी भाकरी खाल्ली.

दुसऱ्या दिवशी ती आगगाडीनं भावाकडे गेली. ओबेड व्हिटकोम वॉशिंग्टनच्या सभागृहात निवडून गेलेला, आणि ऑक्टोबरातल्या निवडणुकीला पुन्हा उभा. घर माणसांनी गजबजलेलं होतं. बहिणीला पाहून तो सगळ्यांना सोडून उठला, तिला आतल्या खोलीत घेऊन गेला आणि स्वतः कॉफी ओतून दिली.

"विनी, रडू नकोस. मी तार करतो. आठवड्याभरात तुझे डॉक्टर घरी."

"ओबेड, पण त्यांना धरलंच का? कोर्ट नाही, आरोप नाही. आणि तू सभेसभेतून सांगत फिरतोस की हा हुकूम हवाच."

"हवाच आहे," तो म्हणाला. "तुला माहीत नाही, मला माहीत आहे. गेल्या वर्षी पूल जाळले, तारा तोडल्या, राजधानीला जाणारी पलटण भर शहरात दगडांनी मारली. ज्यांनी केलं ते सगळे दिवसा सज्जनच होते. कोर्टात उभं करायचं तर साक्षीदार कोण येणार? तोवर लोरिंगसारखी पोरं मरायची. थोडी माणसं चुकून धरली जाणार. युद्ध आहे हे."

"थोडी म्हणजे माझा नवरा."

"म्हणून तर सोडवतोय."

 तिला उलट उत्तर सुचलं होतं, पण नवरा आत होता आणि तार भाऊ करणार होता.

ओबेडनं शब्द पाळला. आठ दिवसांनी लव्हिनिया राज्याच्या राजधानीबाहेरच्या छावणीत नवऱ्याला आणायला गेली. तिथला कॅप्टन तरुण होता. त्याला सर्दी झाली होती, नाक लाल झालं होतं. तिला खुर्ची दिली, डॉक्टरांना आणेपर्यंत गप्पा मारू लागला. त्याची आई इंडियानात एकटी असते, लोरिंगच्याच पलटणीत त्याचा चुलतभाऊ आहे. लव्हिनियाला तो आवडला. आठवडाभर ती दारोदार फिरत होती, आणि हा पहिला माणूस तिचं शांतपणे ऐकून घेत होता.

"तुम्हीच सांगा," ती म्हणाली, "बायकोला विचार म्हणणं हा गुन्हा झाला? असं बोलणाऱ्याला धरायचं तर गावात बाहेर कोण राहील? आमचे शेजारी पर्डी बघा. डॉक्टरांच्या शंभरपट बोलतात. दक्षिणेवाले राष्ट्राध्यक्षाला न्यायला आले तर त्यांचे लगाम फुकट शिवून देईन म्हणतात. त्यांना कुठं कोण धरतंय?"

कॅप्टन मनापासून हसला. "लगाम फुकट? जीनगर दिसतायत."

"हो ना. वर तेलही लावून देतो म्हणाले."

मग दोघंही हसले. त्यानं काही लिहून घेतलं नाही, काही विचारलं नाही. शिंक आली म्हणून रुमाल काढला, इतकंच. तेवढ्यात डॉक्टरांना आणलं. दाढी वाढलेली, अंगाला आंबट वास. त्यांनी सरकारशी एकनिष्ठ राहण्याची शपथ घेतली, सही केली. घासाघीस केली नाही, बाणेदारपणा दाखवला नाही. गाडीत बसल्यावर फक्त म्हणाले, "आत ताप पसरलाय. माझ्या बराकीतल्या निम्म्या लोकांना आपण का आत आहोत ते माहीत नाही. घरी गेल्यावर आंघोळ करतो."

ते दिवस बरे गेले. डॉक्टर पुन्हा रोगी पाहू लागले. आणि मग एका सकाळी परमेलिया धावत आली, एप्रनला पीठ तसंच. पर्डीला नेलं होतं. तोच सार्जंट. कशाबद्दल, ते सांगितलं नाही.

लव्हिनिया हातातली किटली घेऊन उभीच राहिली. तिला कॅप्टनचं हसू आठवलं.  ती मनाशी म्हणाली, नाही, त्या दिवशी पर्डी रस्त्यात ओरडले होते, त्यासाठीच असेल. पण त्याला महिना होत आला होता.

"तुझ्या भावाला सांग ना गं," परमेलिया म्हणाली. "तुझं काम झालं. आमचंही करेल तो. तुझ्याशिवाय मी कुणाकडे जाऊ?"

"जाते. आजच जाते."

ओबेड या वेळी खोलीत न्यायलाच तयार नव्हता. निवडणूक दोन आठवड्यांवर आली होती. विरोधक बोंब मारत होते की व्हिटकोमला कायदा गावासाठी आणि सूट मेव्हण्याला. "पर्डी माझा कोण लागतो, विनी? आणि काहीतरी बोलला असेलच ना?"

तेव्हा तिनं सांगून टाकलं. सांगायला दुसरं माणूस नव्हतं. डॉक्टरांना सांगायची हिंमत झाली नव्हती. स्वयंपाकघरातली ती रात्र, लगाम, कॅप्टन, सर्दी, सगळं. सांगताना ती रडली. ओबेडनं सगळं ऐकून घेतलं. मग त्यानं तिच्या खांद्यावर हात ठेवला.

"तू खोटं काही सांगितलंस का?"

"नाही, पण ती थट्टा होती रे."

"शत्रूला सामान पुरवतो म्हणणारा जीनगर ही थट्टा नाही. तू योग्य तेच केलंस. सगळ्या बहिणी अशा असत्या तर युद्ध कधीच संपलं असतं."

तिनं त्याच्याकडे पाहिलं. तो खरंच तसं मानत होता. तिला वाटलं होतं तो रागावेल, मूर्ख म्हणेल. तो अभिमानानं बघत होता. तिथून ती पळाल्यासारखी निघाली.

मतदानाच्या आधीच्या शनिवारी ओबेडची सभा हॅलोवेललाच होती, चर्चमागच्या राईत. बँड, सफरचंदाचा रस, बाकांवर बायकापोरं. डॉक्टर आणि लव्हिनिया पुढच्या रांगेत, कारण उमेदवाराची बहीण. परमेलिया मागे झाडाला टेकून उभी होती. सभेनंतर ओबेडला गाठून हात जोडायचे, असं तिनं ठरवलं होतं.

ओबेड बोलायला चांगला. लोकांना हसवलं, मेलेल्या पोरांची नावं घेऊन रडवलं. तेवढ्यात मागून कुणीतरी ओरडलं, "व्हिटकोम, माझाही मेव्हणा आत आहे. त्यालाही तार करून सोडव की." हशा पिकला. ओबेडचे कान लाल झाले.

"मेव्हणा म्हणता?" तो म्हणाला. "माझ्या घरचंच ऐका. डॉक्टर ट्रिंबलनी शपथ घेतली आणि ते सुटले. कुणीही घ्यावी आणि सुटावं. आणि माझी बहीण, ती इथं बसलीय. दक्षिणेच्या घोड्यांना फुकट लगाम शिवून देणारा एक जण याच गावात होता. त्याचं नाव सरकारला कुणी सांगितलं? माझ्या या बहिणीनं. तिच्या टेबलावर बसून जेवलेल्या शेजाऱ्याचं नाव. व्हिटकोमांच्या घरात सूट मिळत नाही, मित्रहो, हिशेब मिळतो."

टाळ्यांचा कडकडाट झाला. बँडवाल्यानं ढोलही बडवला. लव्हिनियाला टाळ्या दिसत होत्या, ऐकू येत नव्हत्या. शेजारी डॉक्टरांनी मान वळवून तिच्याकडे पाहिलं. ते रागावलेले नव्हते. एखाद्या रोग्याची छाती ठोकून बघताना अचानक वेगळाच आवाज यावा, तसे ते बघत होते.

"तू?" ते म्हणाले.

 तिनं मागे वळून पाहिलं. परमेलिया झाडाला टेकून तशीच होती. लगामाचं बोलणं कुठं झालं, कुणाकुणापुढं झालं, हे तिच्याइतकं दुसऱ्या कुणाला माहीत असणार? तिनं डोक्यावरची टोपी सरळ केली आणि गर्दीतून वाट काढत निघून गेली. ओबेडला भेटायला थांबली नाही.

लव्हिनिया उठली. टाळ्या चालू असतानाच व्यासपीठाजवळ गेली आणि म्हणाली, "ओबेड, ती थट्टा होती. मी हसले होते." पण बँड सुरू झाला होता. ओबेडनं वाकून तिचा हात हातात घेतला आणि उंच धरला. लोकांना वाटलं, बहीण भावाचं अभिनंदन करायला आली. पुन्हा टाळ्या झाल्या.

सोमवारी ती एकटीच छावणीत गेली. कॅप्टनची सर्दी बरी झाली होती. ती म्हणाली, "मी सांगितलं ते खोटं. पर्डी तसं बोललेच नाहीत."

कॅप्टननं मान हलवली. "बाई, खोटी माहिती देणं हाही गुन्हा आहे."

"मग मला ठेवा. त्यांना सोडा."

"तुमचा मुलगा आमच्या फौजेत आहे, भाऊ वॉशिंग्टनला. तुम्हाला कोण ठेवणार?" तो हळुवारपणेच बोलत होता. "घरी जा. पर्डी इथं धडधाकट आहे, खोगिरं दुरुस्त करतोय आमची."

ओबेड निवडणूक हरला, थोड्या मतांनी. वॉशिंग्टनला कुणी गाऱ्हाणी केली म्हणून असेल किंवा मतांचा रंग पाहून असेल, थंडीच्या तोंडाला पुष्कळ कैद्यांना सोडून दिलं. त्यात पर्डीही आला. खटला नाही, कागद नाही, माफी नाही. छावणीतला ताप अंगावर घेऊन आला होता. डॉक्टर रोज त्याच्या घरी जात आणि लव्हिनियाला सोबत ये म्हणत नसत. घरात ते तिच्याशी नीट वागत, पण लोरिंगच्या पत्रांखेरीज कशाबद्दल फार बोलत नसत. पोस्टाच्या ओसरीवर ती गेली की बायका हवेबद्दल बोलायला लागत.

पर्डी हिंडूफिरू लागला, दुकान उघडलं, तेव्हा लव्हिनिया गेली. परमेलिया तिला पाहून आत निघून गेली. पर्डी चामडं कापत होता, बराच वाळलेला.

"पर्डी, कॅप्टनला मी सांगितलं," ती म्हणाली. "डॉक्टर बाकीच्यांपेक्षा किती कमी बोलले, ते दाखवायला. तुमच्यावर काही येईल असं डोक्यातही आलं नाही. तुमचं नाव सहज निघालं."

"माहीत आहे," तो म्हणाला. "सभेतलं परमेलियानं सांगितलं."

"मला काहीतरी बोला. शिव्या द्या."

त्यानं चामडं उलटं केलं, सुरी पुसली. एके काळी या माणसाच्या शिव्या नदीपलीकडे ऐकू जायच्या.

"काय बोलू, बाई," पर्डी दाराकडे एकदा नजर टाकून म्हणाला. रस्त्यावर कुणी नव्हतं, तरी आवाज खाली होता. "घोड्याचं काही काम असेल तर ठेवून जा. शनिवारपर्यंत करून देतो."

तिच्याकडे काम नव्हतं. ती घरी आली.