भर बाजारातली पिस्तुलं

आमच्या वायोमिंगमध्ये कमरेला उघडं पिस्तूल लावून हिंडायला कायद्याची आडकाठी नाही. कॅलिफोर्नियाहून आलेला माझा मेव्हणा क्विंटन भर बाजारात कुजबुजला, "दाजी, हे सगळे खून पाडायला निघालेत का?"

"गप रे, किराणा घ्यायला निघालेत!" मी खेकसलो.

तेवढ्यात घोड्याएवढं एल्क हरीण डोक्यावर शिंगांचं झाड घेऊन रस्त्याच्या मधोमध आलं. गाड्या थांबल्या. सगळ्यांचे हात एकदम हलले, तसा क्विंटन माझ्यामागे लपला.

पण हात कमरेकडे गेलेच नाहीत. सगळ्यांनी टोप्या काढल्या. हरीण आपल्याच तोऱ्यात नदीकडे उतरलं. ते दिसेनासं होईपर्यंत कुणी टोपी घातली नाही.

मी मागे वळलो, तर क्विंटन नव्हता. तो पुढे उभा होता, स्वतःची टोपी छातीशी धरून.