नावाआधीचं अक्षर

प्रभाने दारावरच्या पोस्टरचा कोपरा नखाने उचकटला आणि कागद सर्रकन ओढून काढला. चिकटपट्टी काचेवरच राहिली.

"काकू, अहो, काय करताय?" कॅनडातल्या त्यांच्या मराठी मंडळाचा सेक्रेटरी मिलिंद समोशांचा ट्रे घेऊन लगबगीने आला.

"वाच."

"'फ्रेंच चित्रपटातली विसरलेली नटी: मादाम आंद्रे देलोर्म. वक्त्या: सौ. प्रभा चारुदत्त लिमये.' बरोबर आहे की."

"चारुदत्त जाऊन तीन वर्षं झाली. फ्युनरलला आलेल्यांना चहा तूच देत होतास."

मिलिंदने जीभ चावली. "सॉरी काकू. जुनं टेम्प्लेट कॉपी झालं. थांबा, 'श्रीमती' करतो." त्याने खिशातून मार्कर काढला.

"डॉक्टर लिही."

"पण काकू, हॅमिल्टनमध्ये डॉक्टर लिमये म्हटलं की काकाच. लोकांचा उगाच गोंधळ होईल."

प्रभाचं डोकं सणकलं. दोन पोरं सांभाळत तिने याच नटीवर फ्रेंचमध्ये पीएचडीचा प्रबंध लिहिला होता, इथल्याच युनिव्हर्सिटीत सव्वीस वर्षं शिकवलं होतं. आणि मंडळाच्या लेखी ती कोण, तर सौ., नाहीतर श्रीमती. नवरा आहे की गेला, एवढीच काय ती ओळख.

जिच्यावर आज बोलायचं होतं, तिने तरी दुसरं काय भोगलं होतं? युद्ध संपल्यावर पॅरिसमध्ये त्या बाईने स्वतःच्या हिमतीवर अकरा चित्रपट केले. मग दिग्दर्शक देलोर्मशी लग्न केलं आणि सगळं फिरलं. काम चांगलं झालं की श्रेय त्याचं, फसलं की खापर हिच्या डोक्यावर. तो गेला, तशी हिला कोणी दारातसुद्धा उभं केलं नाही. त्या मेल्या समीक्षकांचा प्रभाला अजूनही संताप यायचा. आज ती एकेकाची सालटी काढणार होती.

तिने मिलिंदच्या हातातला मार्कर घेतला आणि पोस्टरसकट आत गेली.

आत तिची नात अक्षरा लॅपटॉप प्रोजेक्टरला जोडत होती. तिला मराठी वाचता येत नसे, पण ती सगळे विषय फ्रेंचमधून शिकवणाऱ्या इमर्शन शाळेत होती आणि पहिली स्लाइड फ्रेंचमध्ये होती.

"आजी, व्हॉट वॉज हर नेम?"

"समोर आहे की, बाळा."

"मादाम आंद्रे देलोर्म? बट आंद्रे इज द हजबंड."

प्रभा स्लाइडकडे बघत राहिली. प्रबंधाच्या मुखपृष्ठावरही हेच होतं. त्या काळचे पेपरवाले 'मादाम'पुढे नवऱ्याचंच नाव लिहायचे, म्हणून तिनेही लिहिलं. चाळीस वर्षं ती त्या पेपरवाल्यांना शिव्या घालत आली होती. तिच्या कानाच्या पाळ्या तापल्या.

"खोड ते," ती म्हणाली. "सोलांज व्हार्निए. टाइप कर."

तिने एकेक अक्षर सावकाश सांगितलं. मग टेबलावर पोस्टर पसरून 'सौ.' खोडलं आणि वर ठळक 'डॉ.' लिहिलं.

मिलिंद माइक घेऊन आला. पडद्यावरचं नाव बघून तो घुटमळला.

"काकू, ह्या सोलांज कोण? पोस्टरवर तर मादाम आंद्रे देलोर्म आहे."

"ते कोणी लिहून दिलं होतं तुला?"

मिलिंद अवघडला. "तुम्हीच, काकू."

"हो," प्रभा म्हणाली आणि माइकसाठी हात पुढे केला. "तिथूनच सुरू करते."