लूडीचं निळं भांडं

कॉरिन टेटमनं तीन कादंबऱ्या लिहिल्या. पहिल्या दोन मिसिसिपीतल्या वाचनालयांनी फुकट मिळाल्या म्हणून ठेवून घेतल्या. तिसरीवर सिनेमा निघाला आणि कॉरिनला धास्ती पडली. कारण तिसरीतली एक बाई मयताच्या घरी जेवणाचं भांडं घेऊन जाते, तीही सांत्वनाला नव्हे, तर घरातली कपाटं बघायला; ही बाई कॉरिननं थोरल्या बहिणीवरून, लूडीवरून बेतली होती. लूडी पुस्तकं वाचत नसे, म्हणून आजवर निभावलं. सिनेमे मात्र ती एकही सोडत नसे. आणि रविवारी चर्च सुटल्यावर कॉरिनला पानावर बसवणारं लूडीशिवाय जगात कुणी उरलं नव्हतं.

शनिवारी दुपारच्या खेळाला चर्चमधल्या बायकांनी दोन रांगा अडवल्या. लूडी मधोमध बसली, मांडीवर पर्स. पडद्यावर ती बाई गोड गोड बोलली, मेलेल्याच्या चमच्यांवरून बोट फिरवून आली आणि सख्ख्या बहिणीचं भांडं खुशाल आपल्या फडताळात ठेवून मोकळी झाली. कॉरिन खुर्चीत घसरत घसरत पार खाली गेली. सगळ्या अमेरिकेनं पाहावं, या एकीनं पाहू नये, असं तिला अगदी मनापासून वाटलं.

बाहेर उन्हात लूडी डोळे पुसत उभी होती.

"ताई, रागावलीस?"

"रागावू कशाला? हिंमत लागते गं. मी नसतं बाई असं चारचौघांत कबूल केलं."

"काय कबूल केलं?"

"ती बाई म्हणजे हुबेहूब तूच की. आईच्या मयताला आम्ही रडत होतो आणि तू कोपऱ्यात बसून, कोण काय बोललं ते वहीत उतरवत होतीस. आणि माझं निळं भांडं? तेव्हापासून, अकरा वर्षं तुझ्याकडेच आहे. ती सोशिक बहीण मी, ते ओळखलं हो मी लगेच. फक्त त्या नटीला माझं नाक नाही."

आपली नजर माणसाच्या आत पोचते, असं कॉरिननं प्रत्येक मुलाखतीत सांगितलं होतं. स्वतःच्या टेबलापर्यंत ती काही पोचली नव्हती. घरी येऊन पाहिलं, तर निळं भांडं तिथंच होतं, त्यात तिच्या कौतुकाची कात्रणं. उलटं केलं तर तळाला चिकटपट्टी आणि लूडीच्या अक्षरात लूडीचं नाव. कॉरिनला मेल्याहून मेल्यासारखं झालं.

त्यांच्या गावात भांडं रिकामं परत करत नाहीत, आणि कॉरिनला पाणी उकळण्यापलीकडे काही येत नव्हतं. तिनं चीज घालून मॅकरोनी भाजली. पहिले दोन्ही घाणे कुत्र्यानं हुंगून सोडले. तिसरा वरून करपला, तोच निळ्या भांड्यात घेऊन ती रविवारी लूडीकडे गेली.

लूडीनं भांडं तळलेल्या कोंबडीशेजारी, टेबलाच्या मधोमध ठेवलं. एक घास घेतला. बराच वेळ चावला. मग पुन्हा वाढून घेतलं.

"हे मात्र लिहू नकोस," ती म्हणाली.

कॉरिनचा हात पर्समधल्या वहीपर्यंत गेला होता. तो तिनं हळूच मागे घेतला आणि कोंबडीचं भांडं बहिणीपुढे सरकवलं.