सोनेरी स्टिकरखाली

ताईच्या रक्ततपासणी लॅबमध्ये सकाळपासून पाय ठेवायला जागा नव्हती. पेशंट कमी, बघेच जास्त. वेगबाबा येणार होते ना! हे गृहस्थ म्हणे कॉम्प्युटरवर नुसता तळहात ठेवतात आणि रांगणारं मशीन धावायला लागतं. औषधवाल्याचं धावलं, झेरॉक्सवाल्याचं धावलं. मी तिथे रक्त काढायला बसतो. माझा जीव मात्र थाऱ्यावर नव्हता. त्या मशीनमध्ये सहा हजार पेशंटांचे रिपोर्ट होते.

बाबा आले आणि गरजले, "डोळे मिटा! मशीनला दृष्ट लागलीय. बघाल तर वेग आटेल!"

सगळ्यांनी मिटले. मी एक किलकिला ठेवला. बाबांचा डावा हात कॉम्प्युटरच्या डब्यावर, उजवा माउसवर. ओठांत मंत्र आणि स्क्रीनवर सेटिंग. मशीन बंद झालं, पुन्हा सुरू झालं आणि खरंच पळू लागलं. टाळ्या! मग बाबांनी स्क्रीनच्या खालच्या उजव्या कोपऱ्यात सोनेरी स्टिकर चिकटवला. "हा ताईत. काढलात तर मी जबाबदार नाही."

"ताई, नेमका तोच कोपरा का?"

"तुझं आपलं प्रत्येक गोष्टीत फाटे फोडणं!"

एवढ्यात ताईची धाकटी जाऊ आली. ती कॉलेजात कॉम्प्युटर शिकवते. मी तिला पाहिलेलं सांगितलं. तिने सरळ नखाने स्टिकर खरवडला. खाली पिवळा त्रिकोण!

"वहिनी, ही धोक्याची खूण. मशीन व्हर्च्युअलायझेशनने आपल्या आत एक वेगळी बंद खोली करतं. प्रिंटर-स्कॅनर चालवणाऱ्या प्रोग्रामची तिथे झडती होते. झडतीला जरा वेळ लागतो, म्हणून यांनी पहाराच उठवला. उद्या एखादा चोर प्रोग्राम घुसून रिपोर्टमधले आकडे बदलेल, कळणारही नाही."

"पण पळतंय की!" बाबा तडकले.

"मशीन शेवटचं कधी बंद केलं होतं?" तिने विचारलं.

"दोन महिने झाले असतील," ताई पुटपुटली.

"मग ते पळतंय बंद करून पुन्हा सुरू केल्यामुळे, पहारा उठवल्यामुळे नव्हे."

जावेने 'मेमरी इंटिग्रिटी', म्हणजे तोच पहारा, चालू केली, मशीन रीस्टार्ट केलं. या वेळी सगळ्यांचे डोळे उघडे. मघाशी बाबांच्या वेळी लावलं होतं तसं मी पुन्हा घड्याळ लावलं. रिपोर्ट उघडायला बाबांचे अकरा सेकंद, हिचे बारा.

ताईला रडू फुटलं. "एका सेकंदासाठी मी सहा हजार माणसं उघड्यावर टाकली!"

बाबा केव्हाच सटकले होते. तो वेग तेवढा अस्सल.

औषधवाला अजून तोंड वासून उभा होता. मी म्हटलं, "अहो, बघताय काय? दुकानात जा, तुमच्या मशीनवरचाही स्टिकर काढा, पहारा चालू करा. आणि यापुढे कुणी डोळे मिटायला सांगितलं, तर आधी विचारा, का म्हणून?"