धोंडीरामभाऊंची चूक

२००९ साली अंबडच्या एका व्हॉल्व्ह कारखान्यात पुण्याहून हर्षाली नावाची सल्लागार आली. कारखान्याचे सगळे प्रोग्रॅम इथल्या सर्व्हरवरून उचलून क्लाउडवर, म्हणजे दूरच्या एका कंपनीच्या मशीनवर न्यायचे होते. त्याआधी तिचे प्रश्न होते. कुठला प्रोग्रॅम कशावर अवलंबून आहे? किती तास बंद राहिला तर चालेल? काय न्यायचं, काय इथंच सोडायचं?

उत्तरं साधना खैरनारनं द्यायची होती. प्रोग्रॅम तिनंच लिहिले होते, पंधरा वर्षांपूर्वी.

"एकाच माणसाच्या डोक्यात आहे, असं काय काय आहे?" हर्षालीनं विचारलं. "ते कागदावर यायला हवं. मग त्या माणसाचं काय करायचं ते साहेब बघतील."

अशी माणसं दोन होती, त्यातली एक ती स्वतः. साधनानं एकच नाव सांगितलं, स्टोअरचे धोंडीराम बोरस्ते.

सुट्या भागांचे सहाशे नंबर कॉम्प्युटरात सुरुवातीपासून चुकीचे पडले होते. चूक साधनाची होती. धोंडीरामांनी कधी बोभाटा केला नाही. खरे नंबर पाठ करून ते मुकाट माल काढून देत राहिले.

साधना तीन दिवस त्यांच्याशेजारी स्टुलावर बसली. म्हातारा खुलला. घरून द्राक्षं घेऊन आला.

"बावीस वर्सं झाली स्टोअरात, कुणी इचारलं नव्हतं, ताई. घ्या लिहून."

तिनं सगळं लिहून घेतलं. एका रविवारी प्रोग्रॅम हलले, सोमवारी बिनबोभाट चालू झाले. शनिवारी धोंडीरामांच्या हातात कामावरून कमी केल्याचं पत्र पडलं.

ते तिच्या टेबलाशी येऊन उभे राहिले. "ताई, माझं काय चुकलं का त्या नंबरांत?"

नाही म्हटलं असतं तर मग कुणाचं चुकलं, हा पुढचा प्रश्न आला असता. साधना स्क्रीनवरची नजर न हलवता म्हणाली, "हो. बरंच चुकलं."

धोंडीराम टोपी नीट करून गेले.

दोन महिन्यांनी त्यांची बायको मैनाबाई गेटवर आली. हातात शाळेची दोनशे पानी वही.

"रातंदिस हेच लिहीत बसत्यात. जेवायचंबी भान नाय. म्हन्ले, ताईला दाव, आता बरोबर हाय का इचार."

साधनानं पानं चाळली. सहाशे नंबर. जे बरोबर होते तेच त्यांनी खोडून खोडून बदलले होते. एकही खरा उरला नव्हता.

"सांगा त्यांना, आता बरोबर आहे."

मैनाबाईचा चेहरा उजळला. "मंग परत घेत्याल कामावर?"

"ती जागाच राहिली नाही," साधना म्हणाली. वही तिनं परत केली आणि जेवणाची सुट्टी संपण्यापूर्वीच आत निघून गेली.