मैतेच्या करंगळीची जागा

मित्रांनो, मी एक जुना, लांबोडका, पत्र्याचा डबा आहे. डबा म्हटलं की तुमच्या डोळ्यांपुढे पोळीभाजी आली असेल, पण माझ्या पोटात पितळी काडतुसं बसतात. पिस्तुलाच्या मुठीत खालून सरकवतात ना, तो मी. लोक मला मॅगझिन म्हणतात. लहान पिस्तुलाचे बाकीचे डबे मुठीत गडप होतात आणि दहा गोळ्यांत त्यांचं पोट भरतं. माझ्यात पंधरा मावतात! म्हणूनच मी मुठीच्या खाली चांगला दोन बोटं लोंबतो, आणि त्या लोंबत्या भागावर प्लास्टिकचा काळा कंबरपट्टा मिरवतो. तरुणपणी मला या पंधराचा काय ताठा होता म्हणून सांगू!

माझा जन्म एका लहानशा कारखान्यात झाला. पत्रा वाकवला, शिवण जोडली, पोटात स्प्रिंग कोंबली, आणि झालो मी तयार. मात्र ज्या कंपनीनं ते पिस्तूल बनवलं, तिचा मी नव्हे. त्यामुळे सासरी आलेल्या नव्या सुनेकडे सगळे जसे डोळे लावून बसतात, तसं माझं झालं. पुढे मला काय काय सोसावं लागणार होतं, याची खोक्यात बसून आल्यामुळे मला काही कल्पना नव्हती.

खोकं उघडलं ते नेवाडात, रूबी डोंगरांच्या पायथ्याशी, एका मेंढपाळाच्या स्वयंपाकघरात. चुलीवर घेवड्याच्या दाण्यांचा रस्सा रटरटत होता. बेनात नावाच्या जाड मिशीच्या माणसानं मला टेबलावर ठेवलं आणि बायकोला हाक मारली.

"मैते, अगं ये लवकर! तुझ्या करंगळीसाठी घर आणलंय."

मैते हात पुसत आली. तो हात पाहून मी चरकलोच. उजव्या हाताची अनामिका नव्हती. दोन उन्हाळ्यांपूर्वी गवताच्या पेंढ्या बांधणाऱ्या यंत्रानं ती नेली होती. मैतेचं पिस्तूल लहान, मूठ आखूड. करंगळी तर आधीच हवेत लोंबायची, आणि अनामिका गेल्यावर एकटं मधलं बोट किती धरणार? गोळी सुटली की पिस्तूल हातात उसळी मारायचं. मोठं पिस्तूल घ्यावं, तर त्याची जाड मूठ तिच्या पंजात मावत नव्हती.

दर शरदात मेंढ्या डोंगरावरून खाली आल्या की गावच्या क्लबात नवरा-बायकोच्या जोड्यांचा नेमबाजीचा सामना असे. मैते आणि बेनात लग्नापासून त्यात उतरत आले होते. पण गेली दोन वर्षं ती बाकावर चौकड्यांची उशी घालून बसायची आणि दुसऱ्यांच्या निशाण्याच्या कागदांवरची भोकं मोजायची. यंदा तिला त्या बाकावर बसायचं नव्हतं. तिला हवं होतं ते एवढंच.

आणि ते माझ्यावर येऊन ठेपलं होतं!

क्लबात ऑर्विल बार्लो नावाचा एक खडूस म्हातारा होता. कुणी नवा डबा आणला की तो आधी याच्या परीक्षेत उतरायला हवा. नापास झाला की ऑर्विल त्याला सिमेंटवर ठेवून बुटाच्या टाचेनं चपटा करायचा आणि शेडच्या लाकडी भिंतीवर खिळ्यानं ठोकायचा. बिघडलेला डबा चुकून परत कुणाच्या हाती लागू नये म्हणून ही रीत. भिंतीवर माझे असे कितीतरी भाऊबंद पापडासारखे चिकटलेले होते. त्यांना पाहून माझी स्प्रिंग आतल्या आत आखडली.

"बाहेरचा माल का?" ऑर्विलनं मला नाकापाशी धरून उलटंपालटं केलं. "किती मावतात म्हणालास?"

"पंधरा," बेनात म्हणाला.

"तुझ्या पोटातही पंधरा सॉसेज मावतात. तुला मी नेमबाजीच्या लायनीवर उभं करतो, ते काय त्यासाठी?"

मी मनात म्हटलं, थांब म्हाताऱ्या, दाखवतोच तुला. पण दाखवलं ते भलतंच. मैतेनं मला भरलं आणि तळव्यानं वर ठोकलं. तेवढ्यात माझा कंबरपट्टा वर सरकला आणि तिच्या करंगळीचं मांस मुठीच्या कडेत सापडलं.

"आई गं!"

रक्ताचा थेंब आला. तिनं बोट तोंडात घातलं, दात आवळले आणि मला पुन्हा ठोकलं. आता पट्टा तिरका होऊन अडकला. मी थोडासा बाहेरच राहिलो, डब्याला आत धरून ठेवणारी खिटी काही माझ्यात बसली नाही. पहिली गोळी सुटली आणि त्या धक्क्यानं मी खाली धुळीत आपटलो. लायनीवरचे सगळे खो खो हसले. मित्रांनो, मला तेव्हा धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

ऑर्विल बूट पुढे करून आलाच.

"थांब रे बाबा!" बेनात आडवा झाला. "आज पहिलाच दिवस आहे त्याचा. माणसाचीसुद्धा कधी गाडी घसरते."

"बरं. सामन्याच्या दिवशी सकाळी आणा. तेव्हा पुन्हा असा पडला तर याच्याबरोबर मैतेचंही नाव कटलं. अशा हातात असला डबा मी उभा करणार नाही. उद्या कुणाला लागलं तर?" ऑर्विलनं हातोडा घेतला आणि भिंतीच्या मोकळ्या फळीत एक खिळा आधीच ठोकून ठेवला. "जागा धरून ठेवतो याच्यासाठी."

मैतेनं मला गाडीच्या दारातल्या कप्प्यात टाकलं. तिथे फाटके हातमोजे होते, तारेचे तुकडे होते, सुकलेल्या पावाचा कोपरा होता, आणि हिरव्या रबराची इवलीशी कडी होती. वसंतात कोकरांच्या शेपट्या आखूड करायच्या असतात, तेव्हा शेपटीला ही आवळून बसणारी कडी घालतात, मग खालचा भाग सुकून गळतो. गाडी मेंढ्यांमागे खडखडत फिरायची आणि माझा पट्टा वरखाली, वरखाली वाजायचा. कुणी मला विचारेना. मी फुगून बसलो होतो. पंधरा गोळ्यांचा मी, आणि माझी ही किंमत!

एक दिवस बेनात गाडी चालवत होता आणि मैते शेजारी बसली होती. तो खडखडाट ऐकता ऐकता तिनं मला उचललं. अंगठ्यानं पट्टा वर केला, खाली केला.

"बेनात, डबा चांगला आहे रे. पट्टा सैल आहे. तो वर चढतो म्हणून डबा पुरता आत जात नाही."

"मग गोंद लावू?"

"गोंद लावलास तर धुवायला उघडशील कसा? तुझं आपलं काहीतरीच."

तिनं कप्प्यात हात घातला. एक हिरवं कडं आणि ते ताणायचा चिमटा काढला.

"अगं, ते कोकराच्या शेपटीचं आहे!"

"मग याची तरी काय लोंबतेय? शेपटीच की!"

बेनातला एवढं हसू आलं की त्याला गाडी थांबवावी लागली. मैतेनं चिमट्यानं कडं ताणलं, माझ्या पायथ्याशी चढवलं, आणि ओठ चावून पट्टा त्यावर दाबला. तो बसेना. थुंकी लावली. तरी बसेना. मग गुडघ्यात धरून असा काही रेटला की पट्टा कुईं करत खाली गेला आणि तिथेच घट्ट राहिला. कडेनं हिरवी रेघ तेवढी दिसत होती. मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. ऐटीत आलो होतो, आणि कमरेला कोकराचं कडं!

सामन्याची सकाळ उजाडली. ऑर्विलनं मला गच्च भरलं, सिमेंटवर उंचावरून टाकलं, धुळीच्या बादलीत पुरलं आणि तसंच मैतेच्या हातात दिलं.

"घे. पुसायचं नाही."

मैतेनं मला वर ठोकलं. खट्! खिटी बसली. पट्टा जागचा हलला नाही. करंगळी सुखरूप होती. एकेक गोळी सुटत गेली आणि मी पुढची वर ढकलत गेलो. शेवटच्या दोन-तीन गोळ्यांना माझ्या पोटात धूळ करकरायला लागली. एक तर हलेचना. मी भिंतीवरचा तो खिळा आठवला आणि जीव खाऊन ढकललं. गेली! पंधरावीही गेली, आणि पिस्तुलाचा वरचा भाग मागे जाऊन उघडा राहिला.

ऑर्विलनं मला बाहेर काढून डोळे बारीक केले. "हे हिरवं काय?"

"कोकराचं कडं," मैते म्हणाली.

ऑर्विलचं तोंड वाकडं झालं. हसू दाबताना म्हाताऱ्याची फार पंचाईत झाली. "दिसायला अगदी भिकार आहे. पण चालतो. जा, नाव सांग तुझं."

मित्रांनो, आता माझा मान मला मिळणार म्हणून मी छाती काढून बसलो. तर सामन्याचा नियम असा की प्रत्येकाच्या डब्यात दहाच गोळ्या! माझ्या पाच जागा रिकाम्या. कशासाठी मग मी जन्माला आलो, असं वाटून मला रडू यायच्या बेतात होतं. तेवढ्यात मैतेची करंगळी खाली आली, माझ्या पट्ट्याभोवती वळली आणि तिनं मला गच्च धरलं. गोळी सुटली. पिस्तूल उसळलं नाही. तिनं हळूच श्वास सोडला, आणि तो सगळा हात सैलावला तो मला कळला. माझे पंधरा कुणी मागितलेच नव्हते. तिला हवी होती ती माझी लोंबती शेपटी.

त्या दिवशी मला इतका आनंद झाला की काय सांगू.

ती दोघं काही पहिली आली नाहीत, कुठेतरी मध्येच राहिली. पण मैतेचा कागद बेनातच्या कागदापेक्षा चांगला होता, आणि तिनं तो साऱ्या क्लबला फिरवून दाखवला. "माझी चार बोटं, याची पाच. आता बघा कुणाची भोकं मधोमध आहेत!"

"ऊन डोळ्यांवर होतं माझ्या," बेनात म्हणाला.

"आणि माझ्या काय, चांदणं?"

संध्याकाळी ऑर्विल हातोडा घेऊन भिंतीपाशी गेला, माझा तो खिळा उपटायला.

"राहू दे तो," मैते म्हणाली. ती बाकाकडे गेली, आपली चौकड्यांची उशी उचलून आणली आणि नाडीनं त्या खिळ्यावर टांगली. "भोकं मोजायला आता दुसरं कुणी बघ, ऑर्विल."

म्हाताऱ्यानं टोपी काढली, डोकं खाजवलं आणि परत घातली.

आता मी म्हातारा झालोय. माझा रंग उडाला, कडा घासल्या. दर वसंतात कोकरांच्या शेपट्या झाल्या की मैते एक नवं हिरवं कडं माझ्यासाठी राखून ठेवते. नेमबाजी झाली की मला उघडते, ब्रशनं झाडते, कोरडं करते, आणि पिस्तुलापासून वेगळं, कुलपात ठेवते. तुमच्या घरी माझ्यासारखी वस्तू बहुधा नसेल, आणि कुठे दिसलीच तर हात न लावता मोठ्या माणसाला हाक मारा. पण डुगडुगणारी खुर्ची असेल, दांडा निखळलेली कढई असेल. मित्रांनो, तिला अडगळीत टाकण्याआधी एकदा हातात घ्या आणि नेमकं काय सैल झालंय ते बघा. बरेचदा तेवढंच झालेलं असतं.

मैतेची उशी अजून त्या खिळ्यावर आहे. उंदरांनी तिच्यातला कापूस कधीच पळवला, तरी तिनं ती खाली काढलेली नाही.