सोमवारपर्यंतचं गिऱ्हाईक

माझा उजवा हात थरथरतो. हे आधीच सांगून टाकतो, कारण गेलं वर्षभर लोक मलाच ते सांगत आलेत, जणू हात त्यांचा आहे आणि मला त्याची खबरच नाही. चाळीस वर्षं मी घड्याळं दुरुस्त केली. आता बायकांची नाजूक घड्याळं घेत नाही. पट्टे बदलतो, सेल बदलतो, भिंतीवरची मोठी घड्याळं उघडून साफ करतो. तेवढंही पुरे झालं, असं माझ्या मुलाचं म्हणणं होतं. त्याने दुकानासाठी माणूस शोधला, मोबाइलची कव्हरं विकणारा. शनिवारी अकरा वाजता तो येणार, मी त्याच्या हातात किल्ली देणार आणि पुढे घरी बसून आराम करणार, असं ठरलं होतं. ठरलं म्हणजे मुलाने ठरवलं होतं. मी हो म्हणालो नव्हतो, पण नाही म्हणायलाही तोंड उघडलं नव्हतं. माझाच माझ्यावर भरवसा उरला नव्हता, हे खरं.

त्याच आठवड्यात, बुधवारी, दुकानासमोरचं झाड छाटायला माणसं आली. दुपारभर करवतीने डोकं उठवलं. मग शेजारच्या दुकानातला शिंपी, ज्याला सगळी गल्ली मास्तर म्हणते, ओंजळीत एक चिंधी घेऊन आला आणि ती माझ्या टेबलावर ठेवून म्हणाला, "बघा बरं, हे चालू आहे की बंद?"

चिंधीत खारीचं पिल्लू होतं. बोटाएवढं, डोळे मिटलेले, अंगावर नुसती लव आणि पाठीवर पुसटसे पट्टे. फांदीबरोबर घरटं खाली आलं होतं. दुसरं पिल्लू जागीच गेलं होतं. हे गार पडलं होतं, पण पोट हलत होतं.

दोन गल्ल्या सोडून जनावरांच्या डॉक्टरीणबाई आहेत. त्यांच्या दवाखान्यातलं भिंतीवरचं घड्याळ माझ्याच हातचं. त्यांना फोन केला तर त्या म्हणाल्या, तोंडात काहीही घालू नका, आधी ऊब द्या. गार पिल्लाला पाजलं तर ते पोटात पचत नाही, उलट जीवावर बेततं. मी गरम पाण्याची बाटली फडक्यात गुंडाळून खोक्याच्या अर्ध्या भागात ठेवली. अर्धा भाग मोकळा, म्हणजे फार गरम झालं तर त्याला सरकता येईल. अंग कोमट झाल्यावर, बाईंच्याच सांगण्यावरून, खोकं झाडाच्या बुंध्याशी नेऊन ठेवलं. आई शोधत आली तर तिच्यासारखं दुसरं कोणी नाही. मी दुकानाच्या पायरीवर बसून दिवे लागेपर्यंत वाट पाहिली. आई आली नाही. येणार तरी कुठून, वर फांदीच शिल्लक नव्हती.

तेव्हा खोकं उचलून दवाखान्यात गेलो. डॉक्टरीणबाईंनी पिल्लाच्या मानेवरची कातडी हलकेच चिमटीत धरून सोडली. ती तशीच उभी राहिली, लगेच बसली नाही. पाणी कमी झालंय, त्या म्हणाल्या. त्यांनी मीठ-साखरेचं मोजून केलेलं पाणी एका बाटलीत दिलं, बिनसुईच्या बारीक सिरिंजा दिल्या. जखमी प्राण्यांचं केंद्र आहे, पण तिथे सोमवारपर्यंत जागा नव्हती. "सोमवारपर्यंत सांभाळाल?" असं विचारताना त्यांची नजर माझ्या हातावर गेली. सगळ्यांचीच जाते. मी म्हणालो, सांभाळतो. का म्हणालो, ते विचारू नका. त्या नजरेचा राग आला होता, एवढंच.

त्यांनी सगळं नीट समजावलं होतं. पिल्लू पोटावर धरायचं, डोकं थोडं वर, थेंब ओठाला लावायचा आणि ते स्वतः चाटेल तेवढंच द्यायचं. मी मान डोलावून ऐकलं आणि दुकानात येऊन चाळीस वर्षांच्या सवयीनेच वागलो. घड्याळ दुरुस्तीला घेतलं की पहिलं काम काय, तर ते उताणं करायचं. पिल्लूही मी टेबलावरच्या हिरव्या कापडावर उताणं निजवलं, दिवा जवळ ओढला, डोळ्याला भिंग लावलं आणि सिरिंजेचा दट्ट्या दाबला. हात थरथरला, एकाऐवजी चार थेंब गेले, आणि पिल्लाच्या नाकपुडीत बुडबुडा आला.

मी त्याला झटकन उलटं केलं, डोकं खाली धरलं, कापसाने नाक पुसलं. ते शिंकलं. शिंकलं आणि पुन्हा श्वास घ्यायला लागलं. पाणी छातीत गेलं की दोन दिवसांत खेळ खलास, हे बाईंनी स्पष्ट सांगितलं होतं. मुलगा बरोबर बोलतो, असं त्या क्षणी मला वाटलं. थेंबभर पाणी पाजता येत नाही तो माणूस दुकान कसलं चालवतो.

अर्धा तास मी नुसता बसून राहिलो आणि स्वतःला मनसोक्त शिव्या घातल्या. त्या संपल्यावर डोकं चालायला लागलं. घड्याळाला तेल घालताना आम्ही हात कधी हवेत ठेवत नाही. दोन्ही कोपरं टेबलावर, दोन्ही मनगटं एकमेकांना टेकलेली. तेलही थेंबभर नाही, अर्धाच थेंब घालायचं, जास्त झालं की घड्याळ बंद पडतं. मग मी पिल्लू मऊ फडक्यात डाव्या मुठीत पोटावर धरलं, तोंड तेवढं बाहेर. सिरिंजेचं टोक डाव्या अंगठ्यावर टेकवलं. आता उजवा हात मागे हवा तेवढा थरथरू दे, टोक हलत नव्हतं. एक बारीक थेंब ओठाला लागला. पिल्लाने जीभ काढून तो चाटला. दुसरा चाटला. मी मोजत होतो, आणि नवव्या थेंबाला मला रडू आलं. आलं तर आलं, दुकान माझं आहे.

पुढचे दोन दिवस मी दुकानातच काढले. सुरुवातीला तासाला, मग दीड-दोन तासांनी, रात्रीसुद्धा. गजर लावायला माझ्याकडे घड्याळांची काय कमी. पाजून झालं की कोमट पाण्यात बुडवलेल्या कापसाने पोटाखाली पुसायचं, नाहीतर एवढं लहान पिल्लू लघवीही करत नाही. त्याची आई ते काम चाटून करते. मास्तर दारातून डोकावून विचारायचा, गिऱ्हाईक काय म्हणतंय. त्यामुळे त्याचं नाव गिऱ्हाईकच पडलं.

गुरुवारी मास्तर वाटीभर गाईचं दूध तापवून घेऊन आला. माझाही खारीचा वाटा, म्हणाला, आणि स्वतःच्याच विनोदावर हसला. मी वाटी घेतली आणि त्या दुधाचा आम्हा दोघांसाठी चहा केला. मास्तर भडकला. पाण्यावर कुठे पोर जगतं का, उपाशी मारताय बिचाऱ्याला, मी चार पोरं वाढवलीत. मी म्हणालो, तुझ्या चार पोरांत खार एकही नाही. गाईचं दूध त्याच्या पोटाला सोसत नाही, जुलाब लागले की आहे ते पाणीही जाईल. आधी पाणी, अंगात पाणी भरलं की मग कुत्र्याच्या पिल्लांची दूध पावडर, तीही पहिल्यांदा पातळ. मास्तर दिवसभर माझ्याशी बोलला नाही. संध्याकाळी दवाखान्यात बाईंनी कातडी पुन्हा चिमटीत धरून पाहिली. ती सोडल्याबरोबर बसली. छातीला कान लावला, घरघर नव्हती. मग त्यांनी पावडर दिली.

शुक्रवारी मुलगा आला. दुकानात पसरलेली सतरंजी, बाटल्या, कापूस पाहून त्याचा पारा चढला. एका खारीसाठी बाप रात्रभर जागतो, लोक काय म्हणतील, तब्येत बिघडली तर कोण धावणार, हे सगळं म्हणून झालं. मी ऐकून घेतलं. तो वाईट मुलगा नाही, त्याला माझी काळजीच वाटते. पण मग तो म्हणाला, "बाबा, तुम्हाला तुमची गोळी नीट धरता येत नाही. परवा सोफ्याखाली शोधत होतो आपण." हे खरं होतं, म्हणून जास्त लागलं. उद्या अकराला, असं सांगून तो गेला.

शनिवारी पावणेअकराला तो कव्हरवाल्याला घेऊन हजर. माणूस बरा होता, दारात उभा राहून भिंती नजरेने मोजत होता. त्याच वेळी गजर वाजला. पाजायची वेळ झाली होती. मी पावडरीचं दूध कोमट केलं, थेंब मनगटावर टाकून पाहिला. मुलाला घाई होती. द्या इकडे, मी पाजतो, चार मिनिटांचं काम, असं म्हणून त्याने सिरिंज माझ्या हातातून घेतली. त्याचा हात अगदी स्थिर, दगडासारखा. त्याने गिऱ्हाईकाला उचललं, टोक तोंडात घातलं आणि दट्ट्या दाबला.

नाकातून दूध आलं.

मी पिल्लू त्याच्या हातातून काढून घेतलं, डोकं खाली केलं, नाक पुसलं, पुन्हा पुसलं. ते शिंकेपर्यंत दुकानात कोणी हललं नाही. शिंकल्यावर मी त्याला ऊब दिली, थोडा वेळ जाऊ दिला, कान लावून श्वास ऐकला. साफ होता. मग कोपरं टेबलावर टेकली, मनगटं जुळवली आणि त्याला थेंब थेंब पाजलं. हात थरथरत होता. मी तो लपवला नाही. मुलगा माझ्या हाताकडे बघत होता, आणि या वेळी मला त्याचा राग आला नाही.

पाजून झाल्यावर मी सरळ सांगितलं. बारीक घड्याळं आता मला जमत नाहीत, हे मला तुझ्याआधी कळलंय. जे जमत नाही ते मी सोडलं. जे जमतं ते कोणाच्या सांगण्यावरून सोडणार नाही. घरी बसवायचंय तर उचलून न्यावं लागेल, आणि मी ओरडेन, सगळी गल्ली गोळा करेन, मास्तर तर कात्री घेऊन येईल.

मुलगा माझ्या स्टुलावर बसला आणि अगदी हळू आवाजात म्हणाला, "मी मारलं असतं त्याला."

"मीही बुधवारी मारत होतो," मी म्हणालो. सिरिंजेत शेवटचे थोडे थेंब होते. मी पिल्लू फडक्यासकट त्याच्या डाव्या मुठीत दिलं, पोटावर. त्याची कोपरं धरून टेबलावर टेकवली. सिरिंजेचं टोक त्याच्या अंगठ्यावर ठेवलं. आता त्याचा हात थरथरायला लागला, इतका की त्याने माझ्याकडे पाहिलं.

"थरथरला तरी चालतं," मी म्हणालो. "घाई केलेली चालत नाही."

पहिला थेंब ओठाला लागायला त्याला मिनिटभर लागलं. गिऱ्हाईकाने तो चाटला. कव्हरवाला अजून दारातच उभा होता, हातातल्या फोनकडे आणि आमच्याकडे आळीपाळीने पाहत. मी मान वर न करता त्याला सांगितलं, दुकान चालू आहे आणि चालूच राहणार, जाताना तेवढं दार ओढून घ्या, पिल्लाला वारा लागतो.